घाटोळे भावजींचा रुमाल

जरा जवळ सरका बघू. आणि हातातला तो फोन उपडा ठेवा. मागच्या खेपेला आलात ते अंगातला कोटसुद्धा काढला नाहीत. दारातल्या पायपुसण्यावर उभ्या उभ्या चहा प्यालात आणि "काकू, नेक्स्ट टाइम नक्की बसतो" म्हणून गेलात. नेक्स्ट टाइम म्हणे! माझ्या स्वयंपाकघरातली खिडकीजवळची खुर्ची त्या नेक्स्ट टाइमची वाट बघत बसली आहे. तर आज तरी, जिथं असाल तिथं, टेका. मी तुम्हाला घाटोळे भावजींबद्दल सांगणार आहे, आणि ते उभ्यानं ऐकण्यासारखं नाही.

घाटोळे भावजी रुमाल टाकतात.

तुम्ही म्हणाल, त्यात काय मोठं? एसटीच्या खिडकीतून सीटवर रुमाल टाकला की जागा आपली, हे आपल्याकडे शेंबड्या पोरालाही कळतं. खरं आहे. पण भावजी हा कायदा घेऊन थेट सस्काटूनला आले आणि इतकी वर्षं एकट्यानं चालवताहेत. आमच्याच कॉन्डोत तिसऱ्या मजल्यावर राहतात. इथल्या पोटॅशच्या खाणीत इंजिनियर होते. आमचे हेही तिथेच होते, म्हणून मी त्यांची वहिनी. मूळचे वर्ध्याचे, शिकले नागपुरात. थंडीनं हाडं कॅनेडियन झाली असतील, पण जीभ आणि रुमाल तिकडचाच. रुमाल म्हणजे काय, निळ्या चौकड्यांचा, ताटावर झाकण घालायला पुरेल एवढा. खिशातून काढतात, एकदा झटकतात, आणि खुर्चीवर असा अलगद सोडतात की बघत राहावं.

पंचाईत अशी की इथल्या लोकांना टाकलेला रुमाल कळत नाही. त्यांना तो पडलेला दिसतो. आणि माणसं भारी सज्जन.

एकदा आम्ही दोघं सिटी बसनं डोळ्याच्या डॉक्टरकडे निघालो होतो. उणे तीस तापमान, रस्त्यावर कुत्रं नाही, बसमध्ये ड्रायव्हर सोडून कोणी नाही. भावजी माझ्या आधी लगबगीनं चढले, पुढच्या सीटवर रुमाल टाकला आणि दारातून मला म्हणाले, "वहिनी, सावकाश या. जागा धरून ठेवली आहे."

"भावजी, अख्खी बस रिकामी आहे!"

"आता आहे. पुढच्या स्टॉपचं काय सांगता येते?"

पुढच्या स्टॉपला एक कॉलेजची मुलगी चढली. मी अजून तिकिटाच्या मशीनशी झटत होते. मुलीनं रुमाल पाहिला, उचलला, घडी घातली आणि गोड हसून त्यांच्या हातात दिला. "सर, यू ड्रॉप्ड दिस." भावजी थँक यू म्हणाले आणि रुमाल परत टाकला. मुलीनं परत उचलून दिला. त्यांनी परत टाकला. बिचारीला वाटलं, म्हाताऱ्याचा हात थरथरतो. तिनं तो त्यांच्या कोटाच्या खिशात नीट खोचून वर खिशाला थोपटलं. मी बसल्यावर भावजी मला हळूच म्हणाले, "मुलगी चांगली आहे. पण घरच्यांनी काही शिकवलं नाही हिला."

लायब्ररीत तर त्यांचा रुमाल हरवलेल्या वस्तूंच्या पेटीत इतक्यांदा जाऊन पडला की तिथल्या बाईनं त्याच्यासाठी वेगळा खणच करून ठेवला आहे. भावजी दिसले की ती न बोलता खण उघडते.

गणपतीच्या कार्यक्रमाला बघावं त्यांना. हॉलचं दार उघडायच्या आधी हे बाहेर बर्फात हजर. (आमच्याकडे गणपतीला बर्फ नसतो, पण मंडळाला हॉल मिळेल तेव्हा कार्यक्रम. एकदा नोव्हेंबरात मिळाला होता.) कॅनडाची एक सोय आहे, अंगावर इतकं काही असतं की एक माणूस अख्खी रांग धरू शकतो. पहिल्या खुर्चीवर रुमाल, दुसरीवर मफलर, तिसरीवर टोपी, मग एकेक हातमोजा, मग कोट, आणि शेवटच्या खुर्चीवर चक्क एक बूट. हे मोज्यावर उभे. दारातून येणाऱ्या प्रत्येकाला हात वर करून, "या या, सावकाश या. जागा धरून ठेवली आहे."

पार्किंगही धरतात. बर्फ शोव्हल करून जागा मोकळी करतात आणि आपली गाडी येईपर्यंत तिच्या मधोमध स्वतः उभे राहतात. दुसरीकडे कुठे कोणी हॉर्न मारून पिटाळलं असतं. इथले लोक गाडी थांबवून काच खाली करतात आणि विचारतात, "सर, आर यू ओके?"

आम्ही हसायचो. आमच्या बिल्डिंगमध्ये एक लेलेबाई आहेत, पुण्याच्या. त्यांची जीभ म्हणजे किसणी. त्या म्हणायच्या, "घाटोळे, स्वर्गात पण रुमाल टाकून ठेवा हो आमच्यासाठी. तिथे म्हणे फार गर्दी नसते, पण तुमच्या जिवाला शांतता."

"टाकतो ना," भावजी म्हणायचे. "खिडकीजवळची पाहिजे का?"

आमचे हे गेले तेव्हाची गोष्ट सांगते. फ्युनरल होमच्या त्या गालिच्याच्या खोलीत मी शिरले. डोळ्यांपुढे काही दिसत नव्हतं. कुठं जायचं, कुठं बसायचं, काही कळेना. तेवढ्यात पुढच्या रांगेतून आवाज आला, अगदी हळू, "वहिनी, सावकाश या. जागा धरून ठेवली आहे." पाहिलं तर पहिल्या खुर्चीवर तो निळा चौकडा. त्या दिवशी त्या रुमालावर मी बसलेसुद्धा आणि डोळे पुसलेसुद्धा. त्यानंतर मी त्यांना कधी हसले नाही. म्हणजे हसले, पण वेगळं.

आता तुमच्या लक्षात आलं असेल तर बघा, माझ्या लक्षात यायला मात्र फार वेळ लागला. ह्या माणसाला बसलेलं कोणी पाहिलेलं नाही. सगळ्यांना बसवून झालं की हे मागे भिंतीला पाठ लावून उभे. जेवणाच्या वेळी हातात ताट घेऊन उभे. माझ्या घरी आले तरी फ्रिजला टेकून उभे. "बसा की हो" म्हटलं की ठरलेलं उत्तर, "मला सवय आहे."

ही सवय कुठून लागली ते त्यांनी एकदा पॉटलकला, म्हणजे ज्यानं त्यानं आपला पदार्थ आणायच्या जेवणाला, सांगितलं होतं. घरी भावंडं बरीच. वडील लवकर गेले. आई चार घरची कामं करायची, आणि या सगळ्या लटांबराला सांभाळायची थोरली बहीण, माई. मामाच्या गावाला जायचं म्हणजे एसटी. आणि बस फलाटाला लागली की दारात ही झुंबड. भावजी सगळ्यांत धाकटे आणि काडीसारखे. माई त्यांच्या काखेत हात घालायची, वर उचलायची आणि खिडकीतून आत ढकलायची. हातात एक टॉवेल. आत पडलं की टॉवेल पसरायचा आणि ओरडायचं, "माई, सावकाश ये! जागा धरली!" मग आई बसायची, माई बसायची, बाकीची भावंडं दाटीवाटीनं बसायची. आणि जागा संपायची. हे कंडक्टरच्या पायाशी उभे. "घरात माझी एवढीच पोस्ट होती, वहिनी," ते अभिमानानं म्हणाले होते. "पण ती पोस्ट माझ्याशिवाय चालत नव्हती."

तर आता ग्रीसकडे येते.

आमच्या कॉन्डोतले आम्ही काही म्हातारे दरवर्षी मिळून कुठंतरी जातो. त्या वर्षी खालच्या पार्टी रूममध्ये चहा घेत कुठं जायचं ते ठरवत होतो. लेलेबाईंना अलास्काची क्रूझ हवी होती. बाकीच्यांना लेलेबाई म्हणतील ते हवं होतं. आणि भिंतीजवळून भावजी म्हणाले, "ग्रीस."

"ग्रीस काहून?" लेलेबाईंनी त्यांच्याच बोलीत त्यांना टोमणा मारला. "तिथे तुमचं कोण आहे हो?"

"सध्या कोणी नाही."

नुसतं ग्रीस म्हणून थांबले नाहीत. अथेन्सहून बोटीनं दिवसभराची गाइडेड ट्रिप, तीही एजिना नावाच्या बेटावरच, आणि तीही ठरलेल्या तारखेलाच. लेलेबाई म्हणाल्या, अहो, फोटोत दिसतात ती निळ्या घुमटांची बेटं सोडून हे कुठलं शोधून काढलंत? भावजी म्हणाले, "तिकडे गर्दी असते. जागा मिळत नाही." यावर सगळे हसले आणि हरले. कारण उत्तर अगदी त्यांना शोभेसं होतं. शिवाय सगळी बुकिंगं करायला तेच तयार होते.

त्यांच्या पायात मागे रक्ताची गाठ झाली होती, त्यामुळे टोरोंटोला मुक्काम करत, विमानात दर थोड्या वेळानं चालत आम्ही अथेन्स गाठलं. विमानात चालायचं डॉक्टरांनीच सांगितलेलं, त्यामुळे तिथं उभं राहायला त्यांना हक्कच मिळाला. एअर होस्टेस सांगून दमल्या.

ट्रिपच्या दिवशी सकाळी आमची गाइड एलेनी बंदरावर पिवळी छत्री उंच धरून उभी होती. ठेंगणी, चुणचुणीत, आवाज खणखणीत. "माय फॅमिली, फॉलो द अम्ब्रेला!" आम्ही तिची फॅमिली. भावजी तिच्याही पुढे. बोटीच्या डेकवर पोचून त्यांनी बाकावर रुमाल टाकला आणि वरून आम्हाला आरोळी दिली. तेवढ्यात तिथला एक खलाशी आला. बाकावर समुद्राचं पाणी उडालेलं होतं. त्यानं तो रुमाल घेतला, सगळा बाक स्वच्छ पुसला, रुमाल पिळला आणि भावजींना परत दिला. भावजी त्या ओल्या चिंधीकडे बघतच राहिले. लेलेबाई म्हणाल्या, "बघा, तुमच्या रुमालाला पहिल्यांदा योग्य नोकरी लागली."

बोट निघाली. समुद्र इतका निळा की माझ्या मनात आलं, कोणीतरी नीळ जास्त घातली. भावजी कठड्याला टेकून ओला रुमाल दोन हातांनी वाऱ्यावर धरून वाळवत होते. एरवी ते अशा वेळी बडबड करतात. त्या दिवशी नजर समोरच्या बेटावरून हलेना.

एजिनाचा धक्का मोठा गोड. पांढरं बुटकं चर्च, रंगीत होड्या, आणि जिकडे तिकडे पिस्ते. पिस्ते म्हणजे या बेटाचा अभिमान, एलेनीनं सांगितलं. मग छत्री वर करून म्हणाली, आता बसनं वरच्या डोंगरावरचं देऊळ पाहायला जायचं. बस लागली. आम्ही सवयीनं भावजींकडे पाहिलं. ते हललेच नाहीत.

"मिस्टर मनोहर, द बस विल नॉट वेट." एलेनी त्यांना पहिल्या नावानं हाक मारायची.

"यू गो," भावजी म्हणाले. "आय ॲम होल्डिंग प्लेस."

एलेनीला काही कळलं नाही. देऊळ दोन हजार वर्षांहून जुनं आहे, ते कुठं पळून जात नाही, हे तिचं तिला पटलं असावं. माझे गुडघे चढाव बघूनच बोलायला लागले होते, म्हणून मीही थांबले. एलेनीनं आम्हाला धक्क्यावरच्या एका खाणावळीच्या मांडवात सोडलं. बोटीचा भोंगा झाला की धक्क्यावर या, नाहीतर इथेच लग्न करून राहावं लागेल, असं बजावून ती फॅमिली घेऊन गेली.

मी बसले. भावजींनी माझ्या शेजारची खुर्ची निवडली. सावलीतली, पाठ असलेली, समोर धक्का दिसेल अशी. तिच्यावर रुमाल टाकला आणि तिच्यामागे उभे राहिले. मोठ्या मिशांचा वेटर आला, त्यानं रुमाल उचलून त्यांना दिला. भावजींनी परत टाकला. वेटरनं एकदा रुमालाकडे पाहिलं, एकदा त्यांच्याकडे, मग समोरच्या समुद्राकडे. आत गेला, मिठाची जड बाटली घेऊन आला आणि वाऱ्यानं उडू नये म्हणून रुमालावर ठेवली.

भावजींचा चेहरा उजळला. "वहिनी, हा माणूस मागच्या जन्मी वर्ध्याच्या स्टँडवर होता!"

"ते असू दे," मी म्हटलं. "मी तर बसले आहे. मग ही कोणासाठी?"

ते धक्क्याकडे बघत म्हणाले, "माई येऊन राहिली."

मला वाटलं, ऊन लागलं. पण मग त्यांनी सगळं सांगितलं, तसंच उभ्यानं, धक्क्यावरची नजर न काढता. माईचा कॅनडाचा व्हिसा झाला नाही. यांना गाठ झाल्यापासून डॉक्टरांनी इंडियाचं नाव काढू दिलं नाही. "मी डॉक्टरला विचारलं, अर्ध्यापर्यंत गेलो तर? तो हसला. म्हणे, अर्धं चालेल. त्याला वाटलं, मी गंमत करून राहिलो. मी घरी येऊन नकाशा काढला." मग नागपूरच्या भाच्याला कामाला लावलं. त्यानं माईला एका टूरमध्ये बसवलं. ती टूर आदल्या रात्री उशिरा अथेन्सला उतरणार, सकाळी हे बेट, आणि बेटावरून परतल्यावर थेट विमानतळ. म्हणजे दोघांच्या वाट्याला जे काही होतं ते एवढंच बेट, आणि तेही दोन्ही गाइडांच्या मर्जीनं.

"शेवटचे कधी भेटलात?"

"सुनंदा होती तेव्हा." सुनंदा म्हणजे त्यांची बायको. तिला जाऊन बरीच वर्षं झाली.

"आम्हाला सांगितलं का नाहीत हो?"

"सांगितलं असतं तर तुम्ही सगळे माझ्यासोबत इथं धक्क्याकडे पाहत बसले असते. आणि ती नसती आली, तर तुम्हाला माझ्याकडे पाहावं लागलं असतं."

मी पिस्ते सोलत बसले.

एक बोट आली. सगळे जर्मन. दुसरी आली, तिच्यातून शाळेची पोरं उतरली. एक इंग्रज जोडपं त्या खुर्चीकडे आलं, भावजींनी त्यांना हात जोडून घालवलं. मग भावजींनी माईच्या टूर मॅनेजरला फोन लावला, तो लागेना. भाच्याला लावला. तो म्हणाला, "मामा, ती ग्रुपसोबतच असेल, पण बोट लागते तिला, हॉटेलात थांबली असेल तर माहीत नाही." भावजींनी फोन खिशात टाकला आणि मिठाची बाटली उगाच सरळ केली. ती सरळच होती. तिकडे डोंगरावर आमच्या लोकांचं देऊळ बघून होत आलं असणार. भोंगा केव्हाही झाला असता. मी देवाचं नाव घेतलं. कोणत्या ते आता आठवत नाही, आपला घेतला की तिथला.

आणि मग ती बोट आली. तिच्यावरूनच भांडणाचा आवाज ऐकू आला, मराठीत. मी म्हटलं, आली! केशरी टोप्या घातलेली माणसं उतरायला लागली. पुढे टूर मॅनेजर झेंडा घेऊन, "चला पटापट, वॉशरूम डाव्या हाताला, बस उभी आहे!" माणसं उतरत राहिली. भावजी एकेक तोंड पाहत होते. माणसं संपली. टूर मॅनेजरनं झेंडा वळवला.

तेव्हा मागून एक बाई दिसली. सगळ्यांना "तुम्ही व्हा पुढं, व्हा पुढं" करत शेवटी राहिलेली. हिरवं सुती पातळ, त्यावर स्वेटर, पायात पांढरेशुभ्र बूट, डोक्यावर केशरी टोपी. खलाशानं हात धरून उतरवलं. ती धक्क्यावर उभी राहिली, डोळ्यांवर हात धरून आमच्या मांडवाकडे पाहिलं, आणि तिथूनच ओरडली.

"मन्या! जागा धरली का रे?"

"धरली, माई! सावकाश ये!"

एवढा वेळ पाय रोवून उभा असलेला माणूस, पण तिला आणायला त्यांना धावता येईना. मीच गेले आणि हाताला धरून घेऊन आले. जवळ आल्यावर मला वाटलं, आता गळ्यात पडतील. कशाचं काय! तिनं त्यांच्या गालाला चिमटा काढला. "काहून रे एवढा वाळला? बर्फ खातो का तिकडे?"

"बस आधी," भावजी म्हणाले.

"तू बस."

"तुझ्यासाठी धरली आहे."

"अरे, आजवर तू धरलेल्या जागांवर मीच बसत आली ना! आज तू बस. मी बोटीत बसूनच आली."

"मी पण बोटीत..." म्हणाले आणि थांबले. कारण ते बोटीत बसले नव्हते, हे मला ठाऊक होतं आणि तिनंही ओळखलं.

दोघंही बसेनात. दोघांनी खुर्चीची एकेक बाजू धरली आणि ती एकमेकांकडे ढकलू लागले. वेटर मिशीला हात लावून बघत उभा. तेवढ्यात काठी टेकत एक परदेशी म्हातारी आली, दमलेली, आणि त्या खुर्चीकडे बोट दाखवून काहीतरी पुटपुटली. आणि तुम्हाला सांगते, ही दोन्ही भावंडं एका सुरात म्हणाली, "प्लीज, प्लीज, सिट!" बाटली उचलली, रुमाल उचलला, म्हातारी बसली. ज्या खुर्चीपायी हा माणूस सस्काटूनहून आला ती गेली! मी कपाळावर हात मारला. आणि ते दोघं तिच्यामागे उभे, इतके खूश, जणू मोठं काम झालं.

मग उभ्या उभ्याच सगळं झालं. माईनं पिशवीतून संत्रा बर्फी काढली, मला दिली, त्या परक्या म्हातारीला दिली, वेटरला दिली. भावजींनी खिशातून लोकरीची टोपी काढून तिच्या केशरी टोपीवर चढवली. "नागपुरात काय करू हिला?" "विमानात एसी असते ना!" कोण गेलं, कोणाला नातू झाला, कोणाचं घर विकलं, एकमेकांचं वाक्य तोडत, पुरं करत. मामाच्या गावच्या एसटीचा नंबर काय होता यावर भांडण. मी समुद्राकडे तोंड करून बसले होते, पण कान काही वळवता येत नाहीत.

"माई, चला! बस सुटतेय!" झेंडा हलला.

आणि काय झालं असेल? माई वळायच्या आत भावजी पळाले. हो, पळाले! मघाशी न चाललेले पाय आता चालले. केशरी टोप्यांच्या घोळक्यातून वाट काढत बसपाशी गेले, उघड्या खिडकीखाली टाचा उंचावल्या आणि रुमाल आत टाकला.

"सर, सीट नंबर दिलेले आहेत," टूर मॅनेजर म्हणाला.

"टाकू दे त्याला," माई मागून म्हणाली. असा आवाज की पोरगा बाजूलाच झाला.

ती चढली. खिडकीशी बसली. एकटीनं आलेली, म्हणून शेजारची सीट रिकामी होती. तिनं तो रुमाल हातात घेतला, एकदा झटकला, आणि त्या शेजारच्या सीटवर पसरला. चारी कोपरे हातानं सारखे केले. मग खिडकीतून वाकून म्हणाली, "मन्या, ही तुझी. मी धरून ठेवते. पण तू सावकाश ये. काही घाई नाही."

बस गेली. भावजी हात वर करून उभे होते, तसेच उभे राहिले. मग परत आले. ती परदेशी म्हातारी उठून गेली होती. त्यांनी त्या खुर्चीकडे पाहिलं. आणि बसले.

मी त्यांना पहिल्यांदा बसलेलं पाहत होते. हात मांडीवर, पाय जवळ घेतलेले, जेमतेम कडेवर टेकलेले. बसल्यावर खूप लहान दिसत होते, खिडकीतून आत ढकलावं एवढे. मी पिस्ते त्यांच्या पुढ्यात सरकवले आणि तोंड बंद ठेवलं. मला ते जमतं, लेलेबाईंना खोटं वाटेल.

आमची मंडळी डोंगरावरून उतरली ती उन्हानं लाल होऊन. लेलेबाईंनी मांडवात पाऊल टाकलं आणि किंचाळल्या, "अगं बाई! घाटोळे, बरं वाटत नाही का? एलेनी, डॉक्टर!" एलेनी धावली, कोणी पाणी आणलं, कोणी वारा घालायला लागलं. बसलेले भावजी बघून सगळ्यांची ही गत. त्यांना धड समजावताही येईना.

"मग तुम्ही पाहिलंत तरी काय?" लेलेबाईंनी बोटीवर विचारलं. "एवढ्या लांब येऊन देऊळ सोडलंत!"

"आमचं बेट पाहून झालं," भावजी म्हणाले. बोटीत ते माझ्या शेजारी बसून होते, धक्का दिसेनासा होईपर्यंत.

याला आता बरेच दिवस झाले. भावजी अजून जागा धरतात, पण हातमोज्यानं. हातमोजाही लोक उचलून देतात. लायब्ररीतल्या बाईनं मला काळजीनं विचारलं, त्यांचा तो निळा रुमाल खरंच हरवला का? मी भावजींना सांगितलं. ते म्हणाले, "हरवला कशाला? जागेवर आहे." नागपुरात माईच्या खोलीत खिडकीशी दोन खुर्च्या आहेत म्हणे. एकीवर ती बसते. रविवारी फोन आला की आधी भावजी विचारतात, "आहे ना?" आणि ती म्हणते, "आहे. सावकाश ये." आणि हो, हल्ली माझ्याकडे आले की फ्रिजला न टेकता बसतात. कडेवरच, पण बसतात.

फक्त खिडकीजवळच्या खुर्चीवर मी त्यांना बसू देत नाही. तिच्यावर मी माझा भांडी पुसायचा फडका टाकून ठेवला आहे, धुतलेला आहे, नाक मुरडू नका. ती जागा तुमची. इथं कॅनडातच कोक्विटलामला असा नाहीतर लंडनला, एकदा तिकीट काढा आणि या. कोट काढा, बूट काढा, बसा. आणि एक सांगते. भावजींसारखं, माईसारखं "सावकाश या" म्हणायचं मोठं मन माझ्याकडे नाही. लवकर या.